आरशाची साक्ष

हॉलमध्ये मुंगी शिरायला जागा नव्हती. टायरच्या गोदामावरचा तो लांबट मजला, खिडक्यांवर काळे पडदे, रबराचा आणि घामाचा मिळून झालेला एक वास. समोरच्या चौथऱ्यावर माणसाएवढा उंच आरसा होता. आरशापुढे एक स्टूल आणि स्टुलाच्या मागे, जमिनीलगत, एक मिणमिणता दिवा. स्टुलावर बसलेल्या माणसाच्या डोक्याभोवती आणि गळ्याभोवती काळं कापड गुंडाळलं होतं, नुसता चेहरा तेवढा उघडा.

"पापणी लवू देऊ नकोस," आरसेबाबा बजावत होते. "पापणी लवली की पापी निसटला! चेहरा ओळखीचा आहे. घाबरू नकोस. तो येतोय. तो आला..."

"आला!" स्टुलावरचा माणूस किंचाळला. "दिसला हो! माझा मेव्हणाच आहे! त्यानेच नेली माझी गाडी!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. बाबांनी खिशातून फडकं काढून आरसा पुसला, जणू मेव्हणा काचेला चिकटून राहिला होता.

"आम्ही काही करत नाही," बाबा गर्दीकडे वळून म्हणाले. "आम्ही नुसती काच पुसतो. आरसा लाच घेत नाही. आरशाला भाऊबंद नाहीत. आरशाला तारखा पडत नाहीत! कोर्टात जाल तर जोडे झिजतील, इथे याल तर जोडे नुसते दारात काढावे लागतील!"

लोक पोट धरून हसले. मग बाबांनी आवाज खाली आणला आणि पहिल्या रांगेतल्या मानाच्या खुर्चीकडे हात केला. खुर्चीत फिकट साडीतली एक बाई मान खाली घालून बसली होती. "या माउलीला विचारा. हिच्या नवऱ्याला, फर्निचरवाल्याला, त्याच्याच दुकानात कोणी डोक्यात घाव घालून मारलं. पोलिसांना सापडेना. खुनी कोणी दाखवला?"

"आरशाने!" गर्दी गर्जली.

"आज तो कुठे आहे?"

"तुरुंगात!"

मी मागच्या रांगेत माझ्या पाळीची वाट बघत उभी होते. तुरुंगातला तो खुनी माझा धाकटा भाऊ होता.

मी शाळेत विज्ञान शिकवते. भुतंखेतं, नजर, करणी असलं काही ऐकलं की माझं डोकं फिरतं. भाऊ त्या फर्निचरच्या दुकानात पॉलिशचं काम करायचा. मालकांना काका म्हणायचा, त्यांच्या बायकोला काकू. खुनाच्या आधीच्या आठवड्यात काकांशी त्याचं कडाक्याचं भांडण झालं आणि त्याने काम सोडलं. त्या संध्याकाळी आरडाओरडा ऐकून काकू वरच्या घरातून जिना उतरल्या, तेव्हा दिवे गेलेले होते आणि कोणीतरी मागच्या दाराने पळत होतं. काकूंनी पोलिसांना सांगितलं, "अंधार होता. पाठमोरा होता. चेहरा दिसला नाही."

आणि खटल्यात त्याच काकू पिंजऱ्यात उभ्या राहिल्या, भावाकडे बोट दाखवलं आणि म्हणाल्या, "हाच होता. वळून माझ्याकडे बघितलं यानं."

आमच्या तेव्हाच्या वकिलाने छाती फुगवून त्यांना एकच प्रश्न टाकला. "बाई, तुम्ही खोटं बोलताय, हो ना?" काकू आयुष्यात खोटं बोलल्या नसतील. त्या म्हणाल्या, "नाही." तिथे आमचा निकाल लागला. न्यायाधीशांनी निकालपत्रात लिहिलं की साक्षीदार ठाम आहे, प्रामाणिक आहे, आरोपीशी वैर नाही, सुरुवातीला धक्क्यामुळे आठवलं नसावं. दुसरा पुरावा कसलाच नव्हता. जन्मठेप झाली.

निकालानंतर काही दिवसांनी, आरशाची ही कीर्ती माझ्या कानावर आली. म्हणून मी त्या हॉलमध्ये गेले होते. लबाडी शोधायला. आरशामागे कोणी माणूस लपतो का, काचेला रंग फासलाय का, बघायला.

दारात चपला सांभाळणारी एक गोड बोलणारी सेविका होती. "कसली पीडा आहे हो ताई?"

"ओळखीतल्या एका माणसाचा खून झाला," मी म्हटलं.

"अगं बाई! आणि मनात कोण येतं?"

"कोणीच नाही."

तिने मान हलवली आणि माझी पाळी येईपर्यंत बाबांच्या कानाशी लागून आली. काळं कापड गुंडाळून मी स्टुलावर बसले. काकूंनी मला कोर्टात पाहिलं होतं, पण त्या कापडात मला सख्ख्या आईनेही ओळखलं नसतं. मी आरशाच्या कडा पाहिल्या, मागची भिंत पाहिली. साधा आरसा, साधी भिंत. मनातल्या मनात हसले आणि काचेकडे बघू लागले.

"चेहरा ओळखीचा आहे," बाबा कुजबुजले. "जवळचा आहे. तू नाव घ्यायला घाबरतेस."

थोड्या वेळाने माझे गाल विरघळले. हो, विरघळलेच. भुवया पुसल्या गेल्या, ओठांच्या जागी सावली आली. मग ती सावली पुन्हा जुळली आणि काचेतून माझ्याकडे एक चेहरा बघू लागला. तो माझा नव्हता.

माझ्या भावाचा होता.

"दिसला ना?" बाबा म्हणाले.

मी स्टूल पाडलं आणि जी पळाले ती थेट रस्त्यावर. चपला तिथेच राहिल्या.

ते दिवस मी कसे काढले ते माझं मला माहीत. अन्न गोड लागेना. वर्गात प्रकाशाचं परावर्तन शिकवताना फळ्याकडे तोंड करून उभी राहायचे, कारण मुलांच्या नजरेला नजर देववत नव्हती. घरात आई रोज विचारायची, "अपिलाचं काय झालं गं?" आणि मी न्हाणीघरातल्या आरशावर टॉवेल टाकून तोंड धूत होते. मी, विज्ञानाची बाई! मला भीती आरशाची नव्हती. मला भीती ही वाटत होती की आरसा खरं बोलला. भाऊ तापट तर होताच. भांडणही झालं होतंच. बहिणीलाही जर तोच दिसला, तर मग?

नव्या वकीलबाई वयस्कर होत्या, सतत लवंग चघळायच्या आणि गोड बोलायची त्यांना सवय नव्हती.

"अपील म्हणजे दुसरा खटला नव्हे," त्या म्हणाल्या. "वरच्या कोर्टात साक्षीदार उभा राहत नाही. तिथे असतात नुसते कागद. खालचा न्यायाधीश म्हणतो, मी तिला बोलताना पाहिलं, ती खरी वाटली. कागद वाचणाऱ्याने कुठल्या तोंडाने म्हणायचं की नाही वाटत?"

"पण ती आधी म्हणाली होती, दिसला नाही!"

"धक्का. तो खुलासा कोर्टाने मान्य केलाय. ओळखपरेडीचंही तेच. रोज घरात वावरणाऱ्या पोराला ती रांगेत ओळखणार नाही तर काय करणार? त्याने फक्त एवढंच कळलं की ती त्याला ओळखते."

"आणि आरसा? त्या दोन जबान्यांच्या मध्ये ती आरशापुढे बसली होती!"

वकीलबाईंची लवंग थांबली. "हे कोर्टाच्या कागदांत कुठेही नाही."

"सगळ्या गावाला माहीत आहे!"

"गावाला माहीत असून उपयोग नाही. तिने स्वतः सांगायला हवं. आणि नीट ऐक. तू तिच्याशी एक शब्द बोललीस, नुसतं 'नमस्कार काकू' म्हणालीस, तरी समोरचा वकील म्हणेल, बहिणीने साक्षीदार फोडला. मग भाऊ आत सडेल आणि तू शेजारच्या कोठडीत बसशील. कळलं?"

कळलं.

तुरुंगातल्या भेटीच्या खोलीत मध्ये जाड काच असते. पलीकडे भाऊ, अलीकडे मी. तो वाळला होता, दाढी काढलेली, केस बारीक कापलेले. मी बराच वेळ इकडचं तिकडचं बोलले. मग सगळं सांगून टाकलं. "मला तुझा चेहरा दिसला रे. मला फार भीती वाटतेय."

त्याने नजर खाली वळवली. काही क्षण मला वाटलं, आता हा कबूल करतो की काय.

"ताई," तो हळूच म्हणाला, "लहानपणी दोघांचे केस बारीक कापले की आपले बाबा हाक मारताना चुकायचे. आठवतं? मला तुझ्या नावाने ओरडायचे."

आणि त्याच क्षणी, त्याने मान जराशी हलवली तेव्हा, मधल्या काचेत माझं प्रतिबिंब त्याच्या चेहऱ्यावर जाऊन बसलं. कपाळ कपाळावर. नाक नाकावर. हनुवटीची खळीसुद्धा. वडिलांनी दोघांना दिलेली.

काळ्या कापडाने माझे केस झाकले होते. कानातलं, गळ्यातलं झाकलं होतं. अंधाराने बाकीचं पुसलं. उरला तो आमच्या घरचा चेहरा! मी तिथेच हसायला लागले आणि हसता हसता रडले. पहारेकरी धावत आला.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी प्रयोगशाळेत आरसा लावला, पडदे ओढले, पाठीमागे एक मंद दिवा ठेवला. बाबा नाही, सेविका नाही, प्रश्न नाही. आणि तरी काचेत माणसं येऊ लागली. एक म्हातारी. एक डोळा नसलेला कोणी. मग माझेच वडील. कारण माहीत होतं तरी अंगावर काटा आला. आमचे शिपाईमामा कोपऱ्यात उभे होते. त्यांना बसवलं, तर ते ताडकन उठले. "बाई, आमचा गेलेला भाऊ बघितला मी!"

"मामा, मला तुमची मदत हवीय," मी म्हटलं. "शाळेतला मायक्रोस्कोप चोरीला जाणार आहे. म्हणजे मी तो माझ्या घरी नेणार आहे. तुम्हाला माहीत असेल, बाकी कोणाला नाही."

मामांनी डोकं खाजवलं. "संशय माझ्यावर येणार, बघा."

"म्हणूनच आधी तुम्हाला विचारतेय. नको म्हणालात तर राहिलं."

"आणि यातनं तुमचा भाऊ सुटेल?"

"माहीत नाही, मामा."

"न्या मग," मामा म्हणाले.

शाळेत हलकल्लोळ झाला. हेडबाईंच्या मनात शिपाईमामा आले, कारण कपाटाची किल्ली त्यांच्याकडे. पीटीच्या सरांच्या मनात चित्रकलेचे सर आले, कारण त्या दोघांचं मैदानावरून जुनं वाकडं. दोघेही माझ्या आग्रहाशिवाय, आपापल्या पायांनी, एकाच संध्याकाळी आरसेबाबांकडे निघाले. मी पिशवी घेऊन मागोमाग गेले. मामाही आले.

हॉल खच्चून भरलेला. मानाच्या खुर्चीत काकू होत्याच. प्रत्येक बैठकीला त्यांना आणून बसवत, तसं आजही बसवलं होतं. मला बघून त्यांचा चेहरा पांढरा पडला. मी नजर फिरवली.

हेडबाई स्टुलावर बसल्या. सेविकेचं कानाशी लागून झालं होतंच. "किल्ली ज्याच्या हाती, तोच आहे," बाबांनी सूर लावला. "पापणी लवू देऊ नकोस..."

"मामाच आहेत!" हेडबाई ओरडल्या. "अगदी स्पष्ट! मिशीसकट! शपथेवर सांगते!"

मग पीटीचे सर बसले. "कलाकार माणूस आहे," बाबा म्हणाले. "बोटांना रंग आहे."

"चित्रकलेचाच! दात विचकून हसतोय माझ्याकडे! मीही शपथेवर सांगतो!"

गर्दीत कुजबूज झाली. एक चोरी, दोन चोर? बाबांना घाम फुटला नाही, ते मुरलेले होते. "दोघं मिळून!" ते गर्जले. "आरसा पूर्ण सत्य दाखवतो!"

"मामांना आत्ताच्या आत्ता पोलिसांत देते," हेडबाई म्हणाल्या आणि खरंच फोन काढला. मामा माझ्या बाजूला थरथरत होते. सगळं ठाऊक असलेला माणूस, तोही थरथरत होता. त्या क्षणी मला माझीच भीती वाटली, इतक्या सहज मी एका निरपराध माणसाला तुरुंगाच्या दारात उभं केलं होतं.

मी चौथऱ्यावर चढले आणि पिशवीतून मायक्रोस्कोप काढून दिव्याशेजारी ठेवला.

"हा मीच घरी नेला होता," मी म्हटलं. "चोरी झालीच नाही. तरीही दोन शहाणी माणसं शपथेवर चोर ओळखून बसली. ती खोटं बोलली नाहीत. त्यांना दिसला."

"यात जादू नाही. कमी उजेडात एकाच जागी टक लावून पाहिलं की डोळा थकतो. न हलणारी गोष्ट नजरेसमोर पुसट होते. भुवई जाते, गाल जातो. मेंदूला रिकामी जागा सोसत नाही, तो मनात जे असेल ते तिथे भरतो. आणि मनात काय आहे ते दारात चपला काढताना सेविका विचारून घेते. बाबा तेच परत तुमच्या कानात ओततात. कोणीही बसा. प्रश्न न विचारता बसा. चेहरा येईल!"

"नास्तिक बाई आहे!" बाबा किंचाळले. "खुन्याची बहीण आहे ही!" मला ओळखून गर्दीतून कोणीतरी ओरडलं. गर्दी उसळली, कोणीतरी माझा दंड धरला.

आणि मग माझ्या अगदी जवळून आवाज आला. "मग मला दिसला तो कोण?"

काकू. त्या खुर्चीतून उठून माझ्यासमोर उभ्या होत्या. एक उत्तर, एकच वाक्य, ते माझ्या ओठांवर होतं. आणि वकीलबाईंची लवंग आठवली. मी दातांत जीभ धरली. त्या माझ्याकडे बघत राहिल्या, मी जमिनीकडे बघत राहिले. आयुष्यात गप्प बसणं मला इतकं अवघड कधी गेलं नव्हतं.

त्या वाट बघून थकल्या. मग स्वतःच स्टुलावर जाऊन बसल्या. कापड स्वतः गुंडाळलं. "कोणी बोलू नका," त्या म्हणाल्या. बाबा पुढे आले, तर त्यांनाही हात करून थांबवलं.

बऱ्याच वेळाने काकूंचे खांदे हलू लागले.

"हे दिसतायत," त्या म्हणाल्या. "आमचे हे दिसतायत." मग वळल्या आणि बाबांना अगदी साधेपणाने विचारलं. "म्हणजे ह्यांनीच ह्यांना मारलं का हो?"

बाबांनी खिशातून फडकं काढलं आणि तसंच परत खिशात घातलं.

त्यानंतर काकू कोणाच्या सांगण्यावरून नव्हे, आपणहून कोर्टात गेल्या आणि प्रतिज्ञापत्र दिलं. वकीलबाई तरी खूश झाल्या नाहीत. "साक्षीदार फिरला की कोर्ट त्याच्यावर दुप्पट संशय घेतं," त्या म्हणाल्या. "विकत घेतलं असेल, धमकावलं असेल, दया आली असेल. अजून हातपाय गाळू नकोस, पण नाचूही नकोस."

वरच्या कोर्टाने क्वचितच होतं ते केलं. काकूंना पुन्हा साक्षीला बोलावलं. मी मागच्या बाकावर आईचा हात धरून बसले होते.

सरकारी वकिलाने सुरुवातीलाच घेरलं. "तेव्हा शपथेवर बोललात, आता शपथेवर बोलताय. खोटं कधी बोललात? तेव्हा की आता?"

आईची नखं माझ्या तळव्यात रुतली. पुन्हा तोच प्रश्न. याच प्रश्नाने आमचं घर बुडवलं होतं.

"तेव्हाही खोटं नाही बोलले, साहेब," काकू म्हणाल्या. "जो दिसला तोच सांगितला. पण तो मला जिन्यावर दिसला नव्हता. आरशात दिसला होता. जिन्यावर मला फक्त पाठ दिसली. आरशापुढे बसून आल्यावर त्या पाठीला चेहरा आला."

"मग आता सांगा, हा नव्हता!"

"तेही सांगता येत नाही. खरा कोण होता, ते आता माझ्याकडे उरलंच नाही. डोळे मिटले की जिना दिसतो, आणि जिन्यावर हाच दिसतो. आत्ताही. मला माहीत आहे की ते खरं नाही, तरीही दिसतो."

न्यायाधीशांनी लेखणी खाली ठेवली. वकीलबाईंनी नंतर जे काही मुद्दे मांडले ते कायद्याच्या भाषेत होते, पण काम तिथेच झालं होतं. भाऊ निर्दोष सुटला. निकालात एक वाक्य आहे, मी ते वर्गात दरवर्षी वाचून दाखवते. साक्षीदार प्रामाणिक असणं आणि साक्ष खरी असणं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

भाऊ आता दुसऱ्या भागात पॉलिशचंच काम करतो. मध्यंतरी बाजारात त्याच्यासमोर काकू आल्या. तो वाकून नमस्कार करायला गेला, तर त्या दोन पावलं मागे सरल्या आणि भिंतीला टेकल्या. "तू काही केलं नाहीस रे बाळा," त्या म्हणाल्या. "मला ठाऊक आहे. पण माझ्यासमोर येत जाऊ नकोस. माझा जीव जातो."

आरसेबाबांनी हॉल सोडला. दुसऱ्या कुठल्या गावात दुसरा आरसा पुसत असतील. आणि खुनी सापडला नाही. सगळे जण काचेत बघत बसले होते, तेव्हा तो पाठमोरा निघून गेला.

म्हणून सांगते. कोणी छातीवर हात ठेवून म्हणालं, "मी डोळ्यांनी पाहिलं," तर तुम्ही खोटं बोलताय का, असं त्याला विचारू नका. कधी पाहिलं, किती उजेड होता, त्यानंतर कोणाशी बोललात, कोणी काय सुचवलं, ते विचारा. आणि पटत नसेल, तर आज संध्याकाळी पाठीमागे मंद दिवा ठेवून आरशापुढे बसा, आणि मनात एखादा गुन्हा धरा. चेहरा येईल. तो ओळखीचाही असेल. त्याला फासावर द्यायला निघण्याआधी एकदा मोठा दिवा लावून बघा, समोर कोण बसलंय ते.